पीमाउंट युनायटेड: डब्लिनच्या वेशीवरचा बायकांचा फुटबॉल क्लब

वाटाड्या

इथले फुटबॉलचे धागे मेस्सी-रोनाल्डोपासून सुरू होतात आणि मेस्सी-रोनाल्डोवरच हातघाईवर येतात. आज जरा आडवाटेने जाऊ. देश आयर्लंड, खेळाडू बायका, आणि क्लब एकच: पीमाउंट युनायटेड. चाहते त्यांना नुसतं 'द पीज' म्हणतात.

डब्लिन पश्चिमेकडे जिथे विरळ होत जातं, तिथे न्यूकॅसल नावाचं गाव आहे (इंग्लंडातलं ते वेगळं). जवळच बाल्डोनेलचा लष्करी विमानतळ, ग्रीनोगची गोदामं, मालट्रकांची वर्दळ, अधेमधे शेतं. याच भागात पीमाउंट रुग्णालय आहे. ते १९१२ साली क्षयरोग्यांसाठी सॅनेटोरियम म्हणून उघडलं. लेडी अ‍ॅबरडीन यांच्या पुढाकाराने उभ्या राहिलेल्या बायकांच्या आरोग्य संघटनेचं ते काम. क्षयाच्या धास्तीने आसपासच्या लोकांनी तेव्हा बराच विरोध केला होता. क्लबाचं नाव तेच आणि मैदानही त्याच पट्ट्यात.

आयर्लंडात २०११ पर्यंत बायकांची राष्ट्रीय लीगच नव्हती. डब्लिनची आपली एक लीग, बाकी प्रांतांच्या आपापल्या, आणि सगळे समोरासमोर येणार ते एफएआय (आयरिश फुटबॉल महासंघ) कपात. पीमाउंटने २०१० चा कप सॉल्टहिल डेव्हनला हरवून जिंकला आणि त्या जोरावर पुढच्या मोसमात युरोपातल्या क्लबांच्या चँपियन्स लीगमध्ये शिरकाव केला. तिथे पात्रता गट पार करून शेवटच्या ३२ मध्ये पोचलेला हा पहिला आयरिश क्लब. समोर कोण, तर पॅरिस सँ-जर्मां! घरी ०-२, पॅरिसला ०-३. हरले, पण धुलाई म्हणावी असं काही झालं नाही. नोकरी-कॉलेज सांभाळून संध्याकाळी सराव करणाऱ्या मुली होत्या त्या.

नोव्हेंबर २०११ मध्ये राष्ट्रीय लीग सुरू झाली तेव्हा संघ होते सहा: पीमाउंट, रहीनी युनायटेड, कॉर्क, कासलबार सेल्टिक, वेक्सफर्ड यूथ्स आणि शॅमरॉक रोव्हर्स. पहिलं विजेतेपद पीमाउंटचं. प्रशिक्षक आयलीन ग्लीसन. हे नाव लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

मग गळती सुरू झाली. चांगली मुलगी तयार झाली की ती स्वीडन, स्कॉटलंड नाहीतर इंग्लंड गाठणार. बचावातली लुईज क्विन स्वीडनला एस्किल्स्टुनाकडे गेली, डनीस ओ'सलिव्हन ग्लासगो सिटीकडे. इकडे घरच्या लीगवर आधी रहीनीने आणि मग वेक्सफर्डने ताबा घेतला. रहीनीचा महिला संघ २०१५ मध्ये शेलबर्नमध्ये विलीन झाला आणि शेलबर्नने २०१६ मध्ये लीग आणि कप दोन्ही उचलले. (ते साल अर्धमुर्धंच होतं. लीग हिवाळ्यातून उन्हाळ्यात हलवायची म्हणून छोटा मोसम खेळवला होता.) पीमाउंट पहिल्या विजेतेपदानंतर थेट २०१९ मध्ये पुन्हा विजेते झाले. २०२० ला पुन्हा लीग, आणि शिवाय कप: अंतिम सामन्यात कॉर्क सिटीला ६-०.

२०२१ चा शेवटचा दिवस मात्र बघवत नाही. विजेतेपद हातात आल्यात जमा होतं. घरच्या मैदानावर गॉलवेला हरवायचं, बस्स. हरले २-५. त्याच वेळी शेलबर्नने वेक्सफर्डला ३-२ हरवलं आणि ढाल उचलून नेली.

माझा मुद्दा पुढे आहे. २०२३ च्या मोसमाआधी शॅमरॉक रोव्हर्सने महिला संघ पुन्हा उभा केला. रोव्हर्स म्हणजे पुरुषांच्या लीगमधलं सगळ्यांत वजनदार नाव. त्यांनी पीमाउंटच्या दावणीच्या मुली सोडवून नेल्या. ऑन्या ओ'गॉर्मन आणि स्टेफनी झांब्रा (माहेरची रोच) या दोघी त्यात. शेलबर्न आधीच दोन वर्षं विजेते. पीमाउंट संपला, असाच सगळ्यांचा होरा. आणि २०२३ ची लीग जिंकली कुणी? पीमाउंटने! प्रशिक्षक जेम्स ओ'कॅलहन, २०१९ आणि २०२० ला होते तेच.

पुरुषांच्या मोठ्या क्लबाच्या पदराखाली न जाता बायकांचा संघ हीच ज्याची मुख्य ओळख, असा हा क्लब. त्याचं चिवटपण मला तिथेच दिसतं. तुमचं काय म्हणणं?

फुकटफौजदार

वाचतोय. पण पैसा कुठून येतो हो? शेतात क्लब काढून चँपियन्स लीग खेळता येत नाही.

वाटाड्या

@फुकटफौजदार, चिमूटभरच येतो. मैदानाचं नावच पीआरएल पार्क, म्हणजे प्रायोजकाचं. बाकी सगळं फुकटात राबणाऱ्यांवर. या लीगमध्ये खेळाडूंशी व्यावसायिक करार करायची सोय २०२३ च्या सुमारास आली, त्याआधी सगळा हौशी मामला. ओ'सलिव्हन मूळची कॉर्कची. कॉर्क ते डब्लिन अंतर अडीचशे किलोमीटरच्या आसपास. तरी ती पीमाउंटकडून खेळली. पुढे तिने अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायनाकडून नाव काढलं ते वेगळंच.

लुकनची_काकू

अरे वा, आमच्या गल्लीतला धागा! मी लुकनला राहते, न्यूकॅसल इथून जवळच. धाकटीला फुटबॉलचं वेड, त्यामुळे पीमाउंटचे सामने बऱ्यापैकी बघून झालेत.

स्टेडियम म्हणून जाल तर निराश व्हाल. कठड्याला टेकून उभं राहायचं, खेळाडू थ्रो-इन घ्यायला आली की हात लांबवून पाठीवर थाप देता येईल इतकी जवळ. वारा असा की गोलकीपरने मारलेला लांब चेंडू कधी कधी मागेच फिरतो की काय वाटतं. मध्येच बाल्डोनेलवरून हेलिकॉप्टर उठतं आणि प्रशिक्षकाचं ओरडणं कुणालाच ऐकू येत नाही. मला सगळ्यांत आवडतं ते सामना संपल्यावरचं. पोरीबाळी सरळ आत धावतात, कुणी शर्टावर सही घेतंय, कुणी नुसतंच बघत उभं. आमची धाकटी एकीला विचारून आली, "तू शाळेत असताना गृहपाठ कधी करायचीस?" ती म्हणे, बसमध्ये.

फौजदार, तुमच्या पैशाच्या प्रश्नाचं उत्तर थोडंसं चहाच्या खिडकीपाशी मिळतं. तिथे उभ्या असतात त्या कुणाच्या तरी आयाच.

हेमांगी_क

वाटाड्या, तुम्ही रोचचं नाव कंसात उरकलंत? हा अन्याय आहे. तो गोल कुठाय?

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी. २० ऑक्टोबर २०१३, वेक्सफर्ड यूथ्सच्या फेरीकॅरिग पार्कवर पीमाउंटचा लीग सामना. ज्युली-अ‍ॅन रसेलने उजवीकडून चेंडू आत टाकला. रोचची पाठ गोलकडे, एक बचावपटू अंगाला लागून. पहिल्या स्पर्शात चेंडू हवेतच थोपवला. दुसऱ्या स्पर्शात तो स्वतःच्या आणि त्या बचावपटूच्या डोक्यावरून पलीकडे टाकला. गर्रकन वळली आणि खाली पडू न देता डाव्या पायाने व्हॉली. गोल! तीन स्पर्श, आणि चेंडूला गवताचा वारासुद्धा लागला नाही.

बघायला माणसं किती, तर शंभराच्या आतबाहेर. टीव्हीचे कॅमेरे तिथे कशाला येतील? पण ग्लीसनबाईंचा शिरस्ता होता, आपले सामने चित्रित करून ठेवायचे, नंतर मुलींना चुका दाखवायला. म्हणून तो गोल उरला. इंटरनेटवर चढला आणि जगभर फिरला. फिफाच्या पुश्काश पुरस्काराच्या (वर्षातल्या सर्वांत सुंदर गोलचा पुरस्कार) अंतिम तिघांत पोचलेली ती पहिली बाई. १२ जानेवारी २०१५ ला झुरिकच्या सोहळ्यात मते मोजली गेली: हामेस रॉद्रिगेस ४२ टक्के, रोच ३३ टक्के, व्हॅन पर्सी ११. म्हणजे विश्वचषकात अख्ख्या जगाने पाहिलेल्या व्हॅन पर्सीच्या त्या सूर मारून केलेल्या हेडरला वेक्सफर्डातल्या शंभर माणसांसमोरच्या गोलने तिप्पट फरकाने मागे टाकलं.

माझं मत विचाराल तर पहिला नंबर तिचाच होता.

मिडफिल्ड_मारुती

हेमांगीताई, गोल झकास, वादच नाही. पण हामेसचा गोल विश्वचषकाच्या बाद फेरीत, उरुग्वेविरुद्ध, माराकानावर! छातीवर घेऊन वळून मारलेला. दडपण नावाची काही चीज असते की नाही?

हेमांगी_क

पुरस्कार गोलच्या सौंदर्याचा आहे मारुतराव, दडपणाचा नव्हे. आणि हामेसला जन्मभर गवताचं गालिचासारखं मैदान मिळालं. बाकी काही बोलत नाही.

खडूस_काका

सगळं गोड गोड चाललंय म्हणून थोडं मीठ टाकतो. "पदराखाली न जाता" वगैरे ठीक, पण शेवटी खेळाडूंचं भलं कशात आहे? रहीनीने दोन लीग आणि लागोपाठ तीन कप जिंकले होते. केटी मॅककेब तिथूनच पुढे आली. मग विलीन होऊन शेलबर्न झाले. वाईट झालं का? टोल्का पार्कसारखं खरंखुरं मैदान मिळालं, नाव मिळालं. रोव्हर्सने ओ'गॉर्मनला नेलं तर तिचं कल्याणच झालं ना? तीस ओलांडलेल्या खेळाडूने तत्त्वासाठी चिखलात खेळत राहावं, ही अपेक्षा आपण घरात सोफ्यावर बसून करतोय. छोटा क्लब जिंकला की आपल्याला बरं वाटतं, एवढंच.

वाटाड्या

काका, मुद्दा रास्त आहे. जी गेली तिला दोष मी देतच नाही. पैसे मिळाले तर घ्यावेत, आणि या मुलींनी ते फार उशिरा पाहिले.

पण उलट बाजू बघा. मोठ्या क्लबाचा महिला विभाग हे नेहमीच अंदाजपत्रकातलं खालचं कलम असतं. पुरुषांचा संघ खाली घसरला की कात्री कुठे लागणार, हे सांगायला ज्योतिषी नको. शॅमरॉक रोव्हर्स २०११ च्या सहांत होते हे वर लिहिलंय. मग त्यांचा महिला संघ मधली कित्येक वर्षं लीगमधून गायब, आणि २०२३ ला पुन्हा हजर. पीमाउंट २०११ पासून एकदाही बाहेर पडला नाही. मुलींनी आठव्या-नववीत यावं आणि पंचविशीतही तोच क्लब जागेवर सापडावा, याला काही किंमत आहे की नाही?

वेक्सफर्डची जातकुळी आणखी वेगळी. मिक वॉलेस नावाच्या बांधकाम व्यावसायिकाने पदरचे पैसे घालून क्लब आणि मैदान उभं केलं, तेच पुढे राजकारणात गेले. तिथल्या मुलींनी चार लीग जिंकल्या. एकट्या माणसाच्या झपाटलेपणातूनही गोष्टी होतात.

जुना_पंच

पीमाउंटच्या आधीचं थोडं सांगतो, नाहीतर मंडळींना वाटायचं की आयर्लंडात बायका २०११ ला खेळायला लागल्या.

तिथली महिला फुटबॉल संघटना १९७३ ची. त्याच वर्षी मे महिन्यात राष्ट्रीय संघाचा पहिला अधिकृत सामना, वेल्सविरुद्ध लानेथलीला. ३-२ ने जिंकला आणि तिन्ही गोल पॉला गॉरमचे! पहिल्याच सामन्यात हॅटट्रिक. आपल्याकडे असं कुणी केलं असतं तर चौकात पुतळा उभा राहिला असता.

आणि अ‍ॅन ओ'ब्रायन. डब्लिनच्या इंचिकोरची पोरगी. १९७३ मध्येच फ्रान्सचा स्ताद द रँस हा संघ दौऱ्यावर आला, त्यांनी तिला खेळताना पाहिलं आणि घेऊनच गेले. वय सतरा. पुढे ती इटलीत लाझिओकडे गेली, इतर क्लबांकडूनही खेळली आणि तिथली लीग सहा वेळा जिंकली. व्यावसायिक म्हणून परदेशी खेळायला गेलेली ब्रिटन-आयर्लंडमधली ती पहिली बाई समजतात. २०१६ मध्ये वारली. तिच्या देशात तिच्याबद्दल बोलायला लोकांनी जवळजवळ चाळीस वर्षं लावली. त्या काळात ती आयर्लंडकडून मोजकेच सामने खेळू शकली, कारण इटलीहून बोलावून आणायचा खर्च कोण करणार?

डब्लिन_बस_१३

@जुना_पंच +१. आणि पैशाचं रडगाणं २०१७ पर्यंत तसंच होतं. ४ एप्रिल २०१७, लिबर्टी हॉल. (डब्लिनमधली कामगार संघटनेची इमारत. निवडलेली जागाच बोलकी.) राष्ट्रीय संघाच्या मुलींनी पत्रकार परिषद घेतली. कप्तान गोलकीपर एमा बर्न, शेजारी ऑन्या ओ'गॉर्मन, पीमाउंटचीच जुनी. तक्रार काय, तर देशाचा ट्रॅकसूट वयोगटांच्या संघांबरोबर वाटून घ्यावा लागतो आणि सामन्याला जाता-येता विमानतळाच्या संडासात कपडे बदलून तो परत द्यावा लागतो. देशासाठी खेळायला रजा घेतली की पगार कापला जातो, तो भरून मिळत नाही. स्लोव्हाकियाविरुद्धचा सामना तोंडावर होता. सरावालाच जाणार नाही म्हणाल्या. दोन-तीन दिवसांत महासंघ वठणीवर आला.

ऑगस्ट २०२१ मध्ये मग पुरुष आणि बायकांना देशाकडून खेळण्याचं मानधन सारखं झालं. शेमस कोलमन आणि पुरुष संघाने स्वतःचं कमी करून घेतलं म्हणून ते जमलं. मॅककेब आणि कोलमन, दोन्ही कप्तानांना याचं श्रेय द्यायलाच हवं.

कोल्हापुरी_गोलकी

अवांतर: आपल्याकडे वेगळं काय चालतं? २०२२ मध्ये गोकुळम केरळच्या मुली आशियाई क्लब स्पर्धेसाठी ताश्कंदला पोचल्या आणि तिकडे फिफाने भारतीय महासंघाला निलंबित केलं. न खेळता परत. मुलींचा काय दोष? कोल्हापुरात फुटबॉलला हजारोंनी गर्दी होते, पण ती सगळी पोरांच्या सामन्यांना. तालमींनी मनावर घेतलं तर पीमाउंट इथेही होईल. मनावर घेत नाहीत.

खडूस_काका

@गोलकी, तालीम म्हणजे पुन्हा मोठ्या नावाचा पदरच की! माझंच म्हणणं झालं.

कोल्हापुरी_गोलकी

काका, तालीम म्हणजे पेठ. पेठेला पदर नसतो, पेठेला पोरी असतात. चला, मी थांबतो, धागा भरकटेल.

लुकनची_काकू

भरकटू दे की. पण ऑक्टोबर २०२२ चा सामना कुणीच कसा काढला नाही?

ग्लासगो, हॅम्पडन पार्क, स्कॉटलंडविरुद्ध प्लेऑफ. जिंकलं तर आयर्लंडच्या बायका पहिल्यांदा विश्वचषकात. सुरुवातीलाच स्कॉटलंडला पेनल्टी मिळाली, आपल्या गोलकीपर ब्रॉस्ननने अडवली. मग उत्तरार्धात अँबर बॅरेट बदली म्हणून आली. डनीस ओ'सलिव्हनने मधून चेंडू पुढे सरकवला, बॅरेट एकटी धावत सुटली, गोलकीपर पुढे आली आणि हिने शांतपणे चेंडू जाळ्यात घातला. १-०. पास देणारी पीमाउंटची, गोल करणारीही पीमाउंटची! बॅरेट इथे असताना लीगमध्ये सर्वाधिक गोल करून जर्मनीला गेली होती.

पण त्या रात्री घरात कुणी ओरडलं नाही. बॅरेट मूळची डोनेगलची. चारच दिवसांपूर्वी डोनेगलमधल्या क्रीसलोला पेट्रोल पंपावर स्फोट होऊन दहा माणसं गेली होती. गोल केल्यावर ती गुडघ्यावर बसली आणि दंडावरच्या काळ्या फितीचं चुंबन घेतलं. आमच्या शेजारच्या आजी डोनेगलच्याच. त्या उठून आत गेल्या.

फुकटफौजदार

आणि नंतर ड्रेसिंग रूममध्ये आयआरए या आयरिश सशस्त्र संघटनेचा जयघोष असलेलं गाणं म्हटलं, त्याचं काय? युएफाने (युरोपचा फुटबॉल महासंघ) २०,००० युरो दंड ठोकला होता. सगळं चित्र सांगा की.

डब्लिन_बस_१३

बरोबर आहे, म्हटलं होतं. माफीही मागितली. त्यावर इथे महिनाभर वर्तमानपत्रांत गुऱ्हाळ चाललं. त्याचा पीमाउंटशी संबंध शून्य, पण फौजदारांची फौजदारी चालू ठेवायला हरकत नाही.

वाटाड्या

सगळ्यांचे आभार, मूळ लेखापेक्षा प्रतिसाद वजनदार झालेत. हेमांगी, रोचला कंसात टाकलं कारण तिच्यावर स्वतंत्र धागा होईल हे माहीत होतं आणि तो तुम्ही काढाल असा डाव होता. आल्बी, ह्यूस्टन डॅश, संडरलंड, फ्लोरेंतिया असा परदेशी क्लबांचा फेरा मारून २०२० मध्ये ती पीमाउंटलाच परत आली होती, हे तुमच्या धाग्यात घ्या.

ग्लीसनबाईंचं राहिलं. २०२३ च्या विश्वचषकानंतर त्या आयर्लंडच्या मुख्य प्रशिक्षक झाल्या, आधी हंगामी, मग कायम. २०२४ अखेरपर्यंत होत्या. १६ जुलै २०२४ ला कॉर्कच्या पार्क ई क्वीव्हवर आयर्लंडने फ्रान्सला ३-१ हरवलं. पार्क ई क्वीव्ह म्हणजे गेलिक (आयर्लंडच्या पारंपरिक) खेळांचं देवघर, तिथे हे 'सॉकर' खेळवणं हीच मोठी गोष्ट. तीन गोल कुणाचे? ओ'सलिव्हन, मॅककेब आणि ज्युली-अ‍ॅन रसेल. हो, रोचला तो चेंडू टाकणारी रसेल. निवृत्त झाली होती, मूल झाल्यावर परत आली. आणि बाकावर ग्लीसन, ज्यांनी त्या दिवशी वेक्सफर्डात कॅमेरा लावायला सांगितला होता.

मिडफिल्ड_मारुती

हे भारी आहे! पण फ्रान्स तेव्हा आधीच युरोसाठी पात्र झालं होतं, पूर्ण ताकदीने उतरलं नव्हतं, एवढं नोंदवून ठेवतो.

हेमांगी_क

मारुतराव, तुम्हाला रसेलचाही गोल खुपतो का?

खडूस_काका

लुकनच्या काकू, पुढच्या वर्षी लेकाकडे डब्लिनला यायचा बेत आहे. सामने कुठल्या वारी असतात? तिकडे बस जाते का, की लेकाला गाडी काढायला लावू?

लुकनची_काकू

बहुतेक शनिवारी, काका. लीग मार्चच्या आसपास सुरू होते, शरदापर्यंत चालते. लेकाला गाडी काढायला लावा आणि उन्हाळा असला तरी स्वेटर घ्या. रोव्हर्सविरुद्धचा सामना बघून या, म्हणजे तुमचा आणि वाटाड्यांचा वाद कठड्यालाच टेकून मिटवता येईल. चहा माझ्याकडून.